खात नाहीत, मग मोजता कशाला?

नोकरीची उमेदीची वर्षं माझी एका माशापायी गेली, आणि तो मासा लांबीला जेमतेम पाच सेंटिमीटर. बेन्थोसेमा टेरोटम हे त्याचं शास्त्रीय नाव. घरात ते कुणाच्या जिभेवर बसलं नाही. आमचं घर रत्नागिरीत, मिरकरवाड्यापासून चालत जाण्याच्या अंतरावर. मासळीच्या बाबतीत घरातल्या बायकांचे दोनच प्रश्न असायचे: ताजी आहे का, आणि काय भाव पडला. मी समुद्रसंशोधनाच्या नोकरीला लागले, आठवडेच्या आठवडे बोटीवर राहू लागले, तेव्हा आईनं एकदा विचारलं, "तू ते कुठले मासे मोजतेस, ते खातात का गं?"

म्हटलं, "नाही."

"मग मोजता कशाला?"

हा प्रश्न पुढे मला जागोजागी भेटला. बैठकांमध्ये तो सुधारलेल्या भाषेत येतो: या साठ्याचं व्यावसायिक भवितव्य काय? बोटीवर सारंग तो सरळ तोंडावर विचारतो. आज माझ्याकडे त्याचं उत्तर आहे. हा मासा खातात. आपण सोडून बाकी बरेच जण खातात. आणि म्हणूनच तो आपण धरायला सुरुवात करण्याआधी दहा वेळा विचार करायला हवा. एवढंसं उत्तर, पण त्याच्यापर्यंत पोचायला इकोसाउंडर, जाळं, सूक्ष्मदर्शक आणि दुसऱ्या माशांची पोटं असा सगळा फेरा मारावा लागला.

आधी माशाची ओळख. कंदीलमाशांच्या मिक्टोफिडी कुळात अडीचशेच्या आसपास जाती आहेत, त्यातल्या फक्त पाच बेन्थोसेमा वंशातल्या. ग्लेसिअली ही जात उत्तर अटलांटिकच्या गार पाण्यात आणि नॉर्वेच्या फियोर्डांत राहते. पॅनामेन्सी पॅसिफिकच्या अमेरिकेकडच्या बाजूला, सबऑर्बिटाली तिन्ही महासागरांत, आणि फायब्युलाटम व टेरोटम हिंदी महासागरापासून पश्चिम पॅसिफिकपर्यंत. अरबी समुद्रात चलती टेरोटमची. तिचं पहिलं वर्णन आल्फ्रेड अल्कॉक यांनी १८९० मध्ये छापलं. अल्कॉक पेशानं डॉक्टर, 'इन्व्हेस्टिगेटर' या सर्वेक्षण जहाजावर निसर्ग-अभ्यासक म्हणून नेमलेले. हे जहाज मुंबईच्या गोदीत बांधलेलं. त्यांना हा मासा मिळाला तो बंगालच्या उपसागरात. बेन्थोसेमा हा वंश मात्र गुड आणि बीन या अमेरिकी मत्स्यशास्त्रज्ञांनी १८९६ मध्ये मांडला.

कोकणातल्या माणसाला आवडेल अशी एक गोष्ट इथं सांगून टाकते. आपला बोंबील आणि हे कंदीलमासे बराच काळ वर्गीकरणात एकाच गणात बसवलेले होते. १९७३ मध्ये डॉन रोझेन यांनी तो गण फोडला आणि बोंबलाची रवानगी दुसऱ्या गणात झाली. तरी बोंबील साफ करताना शेपटीच्या अलीकडे पाठीवर जो बिनकाट्याचा बारीकसा मांसल पर हाताला लागतो, तसाच पर कंदीलमाशालाही असतो. मी पहिल्यांदा टेरोटम भिंगाखाली धरला, तेव्हा त्या पराच्या ओळखीवरच मला जरा धीर आला होता.

या माशाला शास्त्रज्ञांच्या बाहेर नाव मिळालं ते एका आकड्यामुळे. 'डॉ. फ्रित्यॉफ नान्सेन' या नॉर्वेच्या संशोधन जहाजानं १९७५-७६ मध्ये अरबी समुद्राच्या वायव्य भागाची पाहणी केली. ध्वनीच्या उपकरणांवर दिसलेल्या प्रतिध्वनीवरून मध्यजलातल्या माशांचा अंदाज निघाला तो १० कोटी टनांच्या घरातला. त्यात सिंहाचा वाटा टेरोटमचा. १९८० मध्ये यॉसेटर आणि कावागुची यांनी जागतिक अन्न व कृषी संघटनेसाठी केलेल्या आढाव्यात साऱ्या जगातल्या अशा माशांचा अंदाज १०० कोटी टनांच्या जवळ गेला. भारताच्या किनाऱ्यावर वर्षभरात उतरणारी सगळी मासळी ३५ लाख टनांच्या आसपास असते आणि जगभरच्या समुद्रांतली वर्षाची मासेमारी ८ कोटी टनांच्या आसपास. उभा साठा आणि वर्षाची पकड यांची तुलना तशी करू नये, पण माणसाचं मन ती केल्याशिवाय राहत नाही. १० कोटी टन हा आकडा ज्यानं ज्यानं ऐकला, त्याच्या डोळ्यांपुढे आधी फिशमीलचे कारखाने उभे राहिले. आमच्या विद्यार्थिदशेत पाठ्यपुस्तकांतून हा साठा 'अद्याप न वापरलेला' म्हणूनच आम्हाला शिकवला गेला. मीही परीक्षेत तसंच लिहून गुण मिळवले.

प्रत्यक्षात तो मासा मी पहिल्यांदा पाहिला तो मासा म्हणून नव्हेच. 'सागर संपदा' कोचीहून निघते. १९८४ मध्ये डेन्मार्कमध्ये बांधून आलेलं, साडेएकाहत्तर मीटर लांबीचं हे जहाज. खोल समुद्रात काम करणाऱ्या आपल्याकडच्या दोन पिढ्या याच जहाजावर घडल्या. कोचीसमोर खंडमंच अरुंद आहे, त्यामुळे थोड्याच तासांत बोट खोल पाण्यात जाते. मुंबईसमोर हाच उथळ तळ तीनशे किलोमीटरच्या घरात पसरलेला आहे. आपल्या मासेमारांच्या आणि या माशाच्या वाटा सहसा एकमेकांना छेदत नाहीत, त्याचं एक मोठं कारण ते.

इकोसाउंडरच्या स्क्रीनवर दिवसा अडीचशे-तीनशे मीटरांवर एक जाड पट्टा दिसतो. खाली तळ हजार-दीड हजार मीटरांवर, आणि मधेच हा पट्टा. सूर्य कलला की पट्ट्याची वरची कड विस्कटायला लागते. अंधार पडेपर्यंत तो वर वर सरकत येतो आणि तास-दीड तासात वरच्या शंभर मीटरांत पसरतो. पहाटे फटफटायच्या आधी परत खाली. हे रोज, बारा महिने. पौर्णिमेच्या आसपास मात्र पट्टा फार वर येत नाही, चांदणं टाळून जरा खालीच थांबतो. दुसऱ्या महायुद्धात, १९४२ च्या सुमारास, पाणबुड्या शोधण्यासाठी ध्वनीचे प्रयोग करणाऱ्या अमेरिकी संशोधकांना हाच प्रकार कॅलिफोर्नियासमोर दिसला होता. तळ नसताना तळ दिसतो म्हणून ते चक्रावले. १९४५ मध्ये मार्टिन जॉन्सन यांनी पट्टा रात्री वर येतो हे दाखवलं, आणि तळ चालत नसतो, तेव्हा हे जिवंत प्राणी आहेत हे पक्कं झालं. ध्वनी परत फेकतो तो बहुतांशी माशांच्या पोटातला वायूचा फुगा. म्हणजे स्क्रीनवर आम्ही पाहत असतो तो मासा नव्हे, त्याच्या पोटातली हवा.

हवेचा मासा झाला की नाही ते पाहायला जाळं लागतं. रात्रीच्या पाळीत आयझॅक्स-किड जाळं सोडायचं, दोन-तीन नॉटांनी ओढायचं. डेकवर सारंग, टंडेल, दोन-तीन खलाशी, विंचवर एक जण, आणि हेल्मेट घातलेले आम्ही. एका फेरीवरचे सारंग गुहागरकडचे होते, निवृत्तीला आलेले. रत्नागिरी जिल्ह्यातली माणसं पिढ्यान् पिढ्या मुंबईच्या बोटींवर, त्यांतले हे. मी मिरकरवाड्याजवळची म्हटल्यावर त्यांनी मला मॅडमवरून 'बाय'वर आणलं. पहिलं जाळं वर आलं, जाळ्याच्या टोकाचा खोला सोडला, आणि बादलीत जे काही पडलं त्याकडे पाहून ते म्हणाले, "बाय, हजार मीटर वायर सोडली नि एवढंसंच? ह्याच्यापरास आमची डोल बरी."

मी म्हटलं, "चाचा, डोलीत हे मिळायचं नाही."

"नाय मिळाला ता बराच," ते म्हणाले. पण पुढची सगळी फेरी खोला सोडताना ते माझ्या आधी वाकून बघायचे.

बादलीतला ऐवज ट्रेवर पसरला की पहिलं लक्ष जातं खेकड्यांकडे. चॅरिब्डिस स्मिथी हे पोहणारे खेकडे अरबी समुद्रात थव्यांनी फिरतात आणि ट्रेमधल्या सगळ्यांना चावे घेत सुटतात. त्यांना आधी बाजूला काढायचं. मग लाल कोळंब्या, पारदर्शक सॅल्प, चपटे चंदेरी कुऱ्हाडमासे, एखादा सुळ्यांचा व्हायपरफिश. आणि या सगळ्यांच्या मधे ग्रॅम-दीड ग्रॅमचे टेरोटम. ताज्या माशाची पाठ काळपट-निळी, कुशी चंदेरी, डोळा डोक्याच्या मानानं मोठा. कुशीवर आणि पोटावर बारीक गोल ठिपक्यांच्या ओळी. हेच त्याचे दिवे.

कंदीलमाशांची जात ओळखायची ती याच दिव्यांवरून. किती आहेत यापेक्षा कुठे आहेत याला महत्त्व. छातीच्या पराच्या वर एक, पोटाखाली जोडीनं ओळ, गुदाच्या वर तीन, शेपटीच्या मुळाशी दोन; यांतला एखादा दिवा कुशीच्या मध्यरेषेपासून किती लांब आहे, तिघे सरळ रेषेत आहेत की कोनात, यावर जात ठरते. बेसिल नफ्पाक्टिटिस यांनी 'अँटन ब्रून' जहाजाच्या हिंदी महासागरातल्या नमुन्यांवर १९६९ मध्ये जे काम छापलं, त्याच्या झेरॉक्स प्रती आमच्याकडे हातोहाती फिरत फाटल्या. अडचण अशी की जाळ्यातून वर येईपर्यंत माशाचे खवले घासून जातात, आणि खवल्यांबरोबर दिवेही जातात. टेबलावरच्या अर्ध्याअधिक माशांवर दिव्याच्या जागी नुसता फिकट खळगा उरलेला असतो. मग सुई घेऊन, मासा ओला ठेवून, दिवा तिरका पाडून तो खळगा शोधायचा. बोट हेलकावे खात असते, भिंगाखालचा मासा घसरत असतो, हाताच्या बोटांवर माशाची चांदी आणि नाकात फॉर्मॅलिन. तासाभरानं जात ठरते आणि बाटलीत टाकायची चिठ्ठी लिहिली जाते, तीही पेन्सिलीनं. शाई फॉर्मॅलिनमध्ये टिकत नाही. वजनाचीही तीच तऱ्हा. हलत्या बोटीवर ग्रॅमचा काटा एक आकडा धरत नाही. मोजपात्रात पाणी घेऊन त्यात मासे सोडायचे आणि पाणी किती चढलं ते लिहायचं. नेमकं वजन किनाऱ्यावर गेल्यावर.

जिवंत मासा हाती लागणं दुर्मीळ. एकदा जाळं लवकर उचललं होतं आणि गार समुद्रपाण्याच्या बीकरमध्ये टाकलेले दोन-तीन मासे तग धरून होते. प्रयोगशाळेतले दिवे घालवले. डोळे सरावेपर्यंत काही नाही. मग काचकांडीनं एकाला हळूच ढोसलं, तर शेपटीच्या मुळाशी निळसर-हिरवा प्रकाश चमकून गेला. पोटाखालच्या ठिपक्यांचा मंद उजेड त्या मानानं फार सौम्य. शेपटीजवळची ही प्रकाशग्रंथी नराला वरच्या बाजूला असते आणि मादीला खालच्या बाजूला, त्यामुळे चमकेवरून ती मादी होती हे आम्हाला अंधारातच कळलं. पोटाखालच्या दिव्यांचं काम वेगळं. वरून झिरपणाऱ्या उजेडात खालून बघणाऱ्या शिकाऱ्याला माशाची काळी सावली दिसायला नको, म्हणून तो आपलं पोट तेवढ्याच उजेडानं पुसून टाकतो. सारंगचाचांना बोलावून हे दाखवलं. बराच वेळ बघून ते म्हणाले, "एवढाले दिवे लावलान, म्हणजे ह्याच्या मागे लागणारे पण तेवढेच असतील." पाठ्यपुस्तकात हे वाक्य मला मिळालं नव्हतं. ज्याच्या अंगभर लपण्याची सोय आहे, त्याला खाणारे भरपूर असणारच.

दिवसा हा मासा जिथं जाऊन राहतो ती जागाही लपण्याचीच. अरबी समुद्रात साधारण दीडशे मीटरांपासून हजार मीटरांपर्यंतच्या पाण्यात प्राणवायू जवळजवळ नसतो. पृष्ठभागावर पिकणारं सगळं सेंद्रिय द्रव्य खाली बुडत कुजतं, त्यात प्राणवायू खर्च होतो, आणि उत्तरेला जमीन असल्यामुळे ताजं पाणी सहजी पोचत नाही. हे आकड्यांत वाचणं वेगळं आणि बाटलीत बघणं वेगळं. विंकलर पद्धतीत पाण्याच्या नमुन्यात दोन रसायनं घातली की गाळ तयार होतो. वरच्या पाण्याच्या बाटलीत तो तपकिरी होतो. तीनशे मीटरांवरच्या बाटलीत तो पांढराच राहतो, कारण त्याला तपकिरी करायला प्राणवायूच नसतो. टेबलावर बाटल्या खोलीच्या क्रमानं मांडल्या की तपकिरी ओळ एकदम पांढरी होते, आणि इकोसाउंडरवरचा दिवसाचा पट्टा नेमका पांढऱ्या बाटल्यांच्या खोलीला असतो. ट्यूनासारख्या धडधाकट शिकाऱ्याला तिथं फार वेळ थांबता येत नाही. टेरोटम तिथं हालचाल कमीत कमी ठेवून दिवस काढतो आणि रात्री वर येऊन कोपेपॉडसारखे बारीक जीव खातो. म्हणजे जेवण वर आणि मुक्काम खाली.

हा असा जगणारा मासा जगतो तरी किती? त्याचं उत्तर त्याच्या कानातल्या खड्यात, ओटोलिथमध्ये असतं. टाचणीच्या टोकावर बसेल एवढा हा खडा राळेत बसवून पातळ होईपर्यंत घासायचा आणि भिंगाखाली वलयं मोजायची. दर दिवसाला एक वलय. अरबी समुद्रातल्या टेरोटमची वलयं वर्षाच्या आत संपतात. साधारण तीन सेंटिमीटरांचा झाला की मासा वयात येतो, मादी काहीशे ते दोन-तीन हजार अंडी घालते आणि वर्ष पुरं व्हायच्या आत पिढी संपते. याच वंशातला ग्लेसिअली नॉर्वेच्या फियोर्डात सात-आठ वर्षं जगतो. एकाच वंशातल्या दोन जाती, पण एकीच्या हिशेबानं दुसरीचं नियोजन करता येणार नाही, हे त्या खड्यांनी मला शिकवलं.

आता परत त्या १० कोटींकडे. जाळ्यातून आलेला अंदाज आणि ध्वनीतून आलेला अंदाज कधीच जुळत नाहीत, आणि फरक थोडाथोडका नसतो. जाळं येताना दिसलं किंवा पाण्याची हालचाल जाणवली की मासा बाजूला होतो. छोटे मासे आसातून निसटतात. त्यामुळे जाळं नेहमी कमी सांगतं. ध्वनीचं उलट. सायफोनोफोर नावाच्या जेलीसारख्या जीवांतही वायूचा बुडबुडा असतो, तोही मासा म्हणून मोजला जाऊ शकतो. उलट काही कंदीलमाशांचा फुगा वाढत्या वयात चरबीनं भरतो आणि ते स्क्रीनवर नीट उमटतच नाहीत. २०१४ मध्ये शाबिएर इरिगोयेन आणि सहकाऱ्यांनी मालास्पिना मोहिमेच्या ध्वनिनोंदींवरून जगातला हा साठा जुन्या अंदाजाच्या दहापट असू शकतो असं मांडलं. दहापट! एखाद्या किराणा दुकानाच्या मालकानं वर्षअखेरीला माल मोजला आणि उत्तर दहापटीनं इकडेतिकडे आलं, तर तो दुकान वाढवायच्या आधी मोजणी सुधारेल. आमच्या क्षेत्रात मात्र आकडा वाढला की पहिली चर्चा होते ती जाळ्यांची.

माझं मत बदललं ते या आकड्यांनी नव्हे, पोटांनी. लाँगलाइनवर मिळालेल्या ट्यूनांची, आपण कुपा म्हणतो त्या माशांची, पोटं अभ्यासासाठी आमच्याकडे यायची. अर्धवट पचलेल्या लगद्यातून माशाची जात कळत नाही, पण ओटोलिथ उशिरा विरघळतो. चाळणीत लगदा धुतला की तळाशी बारीक पांढरे खडे उरतात. ते आमच्या संदर्भसंग्रहातल्या खड्यांशी ताडून पाहायचे. कंदीलमाशांचे खडे त्यात पुन्हा पुन्हा सापडायचे. अरबी समुद्रातल्या जांभळ्या पाठीच्या उडत्या स्क्विडच्या पोटातही तेच. हा स्क्विड, स्थेनोट्यूथिस औअलानिएन्सिस, प्राणवायू कमी असलेल्या पाण्यातही उतरू शकतो, म्हणजे टेरोटमची दिवसाची जागाही त्याच्यापासून सुरक्षित नाही. चाळणीच्या तळाशी उरलेले ते खडे मोजताना माझ्या लक्षात आलं, की 'न वापरलेला साठा' म्हणून मी जो परीक्षेत लिहिला होता, त्याच्यावर आधीच ताट मांडून बसलेली मंडळी आहेत. त्यातल्या ट्यूनाची आपण चढ्या भावानं निर्यात करतो. कुपा घरच्या बाजारातही येतो. म्हणजे फिरून फिरून टेरोटम आपल्याही ताटात येतोच. फक्त स्वतःच्या नावानं येत नाही.

आणि तो आणखी एक काम करतो, ज्याचा बाजारात भाव नाही. रात्री वर खाल्लेलं तो दिवसा तीनशे मीटरांवर पचवतो, तिथंच श्वास सोडतो, तिथंच विष्ठा टाकतो. म्हणजे पृष्ठभागावरचा कार्बन रोज थोडा थोडा खाली पोचवला जातो आणि तिथून तो लवकर वर येत नाही. एका माशाचं हे काम नगण्य. पण संख्या अशी प्रचंड आहे, की हवामानाचा अभ्यास करणारे लोक आता आमच्याकडे या माशाची आकडेवारी मागायला येतात. पूर्वी फक्त मत्स्यव्यवसायवाले यायचे.

धरायचे प्रयत्न झाले नाहीत असं नाही. दक्षिण आफ्रिकेनं लँपनिक्टोडिस हेक्टोरिस हा कंदीलमासा धरला, १९७३ मध्ये ४२,४०० टनांपर्यंत. पण माशात तेल इतकं, की कारखान्यांची यंत्रं कुरकुरायला लागली आणि १९८० च्या दशकाच्या मध्यात ही मासेमारी थांबली. इराणनं ओमानच्या आखातात टेरोटमचीच प्रायोगिक मासेमारी केली. आपल्याकडे कोल्लमजवळ शक्तिकुळंगरा बंदरावर खोल पाण्यातली कोळंबी धरणारे ट्रॉलर येतात, त्यांच्या जाळ्यात डायफस वंशातले कंदीलमासे आपसूक सापडतात. कोळंबीला भाव, याला नाही. म्हणून तो समुद्रात टाकला जातो किंवा कुटा म्हणून खताला नाही तर फिशमीलला जातो. खाण्यासाठी म्हणाल, तर या कुळातल्या काही जातींत मेणासारखी चरबी असते, ती माणसाच्या आतड्याला पचत नाही. एकदा बोटीवरच्या भंडाऱ्यानं हौसेनं मूठभर कंदीलमासे तळायला मागितले होते. मी दिले नाहीत. ते फॉर्मॅलिनमध्ये जायचे होते, आणि दुसऱ्या दिवशी पाळीवर माणसंही लागणार होती.

आज पुन्हा दबाव वाढतोय, तो फिशमीलच्या बाजूनं. कोळंबीच्या तळ्यांना खाद्य हवं, त्याला फिशमील हवं, आणि तारलीचा भरवसा नाही. एखादं वर्ष बक्कळ, एखादं वर्ष बंदर ओस. अशा वर्षी कुणीतरी जुना अहवाल काढतो आणि १० कोटी टनांवर बोट ठेवतो. युक्तिवाद बिनतोड वाटतो: मासा वर्षभरात मरणारच आहे, मग धरला तर बिघडलं कुठं? मी या युक्तिवादाकडे उलट्या बाजूनं बघते. वर्षभराच्या माशाला मागची शिल्लक नसते. ग्लेसिअलीसारख्या माशाचं एक वर्षाचं पीक बुडालं तरी आधीच्या सहा-सात वर्षांचे मासे पाण्यात असतात. टेरोटमचं एक वर्ष हुकलं, मान्सून कमकुवत झाला, अन्न कमी पिकलं आणि त्याच वर्षी वर जाळीही पडली, तर पुढच्या वर्षी अंडी घालायला कोण उरणार? शिवाय प्राणवायू नसलेल्या पाण्याची वरची कड जर आणखी वर सरकली, तर त्याची राहायची जागा आणि शिकाऱ्यांची जागा यांतलं अंतर बदलेल. हे सगळं आम्ही अजून ऋतूवार, त्याच मार्गावर, वर्षानुवर्षं मोजलेलं नाही.

म्हणून नव्यानं आलेल्या मुलामुलींना मी हल्ली साधा हिशेब करायला लावते. एक टन फिशमील करायला चार-पाच टन ओला मासा लागतो. टेरोटम ग्रॅम-दीड ग्रॅमचा. म्हणजे टनभर फिशमीलमागे तीस-चाळीस लाख मासे. हे मासे रात्री वरच्या शंभर मीटरांत येतात, तेव्हाच ते धरणं सोपं. पण त्याच वेळी तिथं ट्यूनाही असतो आणि स्क्विडही. म्हणजे जाळ्यात कोण कोण येईल ते सांगायला नको. हिशेब झाल्यावर मी त्यांना दोन गोष्टी सांगते. कोळंबीच्या ट्रॉलरांत आधीच मरून येणारा कंदीलमासा आधी बंदरावर जातवार नोंदवा आणि त्याचाच नीट उपयोग करा. त्यासाठी समुद्रात नवं जाळं सोडायला लागत नाही. आणि साठ्याचा आकडा लिहिताना त्याच्या शेजारी एक रकाना वाढवा: यातलं ट्यूनाला किती लागतं, स्क्विडला किती लागतं. हा रकाना भरायला वर्षं लागतील, पोटं फोडावी लागतील, खडे मोजावे लागतील. तो रिकामा असताना कुणी पहिल्या रकान्यावरून परवाना मागितला, तर माझी सही त्यावर नसेल.